पत्ता खालून वाचायचा

लग्न होऊन मी पुण्याहून बंगळूरला आले तेव्हा मला इथल्या जेवणाचा, हवेचा, भाषेचा, कशाचाच राग आला नाही. राग आला तो नावांचा. आमच्याकडे कसं, आधी आपलं नाव, मग वडलांचं, मग आडनाव. माणूस कुठल्या घरचा ते शेवटी कळतं. इथं सगळं उलटं. आधी गावाचं अक्षर, मग वडलांचं अक्षर आणि माणूस स्वतः अगदी शेपटाला. सासरची माणसं मराठीच, पण तीनशे वर्षांपूर्वी इकडे येऊन राहिलेली. एवढ्या काळात आडनाव कुठे सांडलं ते त्यांनाही ठाऊक नव्हतं. दारावरच्या पाटीवर दोन अक्षरं, दोन टिंबं आणि एक नाव. पहिली दोन वर्षं मी यावर वाद घातले. मग दमले आणि शिकून घेतलं की इथं घर पुढे असतं आणि माणूस मागे. हे शिकल्याचा मला अभिमानसुद्धा होता. त्याच शहाणपणानं पुढे मला तोंडघशी पाडलं.

आमचं घर चामराजपेटेत, रस्त्याला लागून. नवरा पीण्या नावाच्या औद्योगिक वसाहतीतल्या एका छोट्या कारखान्यात सुपरवायझर. सकाळी सातच्या बसनं जायचा तो दिवेलागणीला परत. नव्वदचं दशक संपायला आलं होतं आणि गल्लोगल्ली इंटरनेटच्या पाट्या लागत होत्या. कारखान्यानं नवीन कॉम्प्युटर घेतले तेव्हा जुने दोन नवऱ्यानं घरी आणले, पुढच्या खोलीत मांडले आणि म्हणाला, ‘कोण चालवणार हे?’ मी म्हटलं, ‘मी.’ मला टायपिंग येत होतं आणि घरात बसून बसून मला माझाच कंटाळा आला होता. दोन कॉम्प्युटर, एक मोडेम, एक फोन. मोडेम जोडला जाताना असा केकाटायचा की समोरचा फुलवाला दर वेळी हातातली माळ सोडून बघायचा. पण माणसं यायला लागली. कुणाला निकाल बघायचा असे, कुणाला दुबईच्या भावाला मेल पाठवायचा असे, आणि मी दिवसभर इकडून तिकडे मिरवायचे.

माझ्या या राज्यात एकच अडचण होती, ती म्हणजे सासरे. घरात आणि गल्लीत सगळे त्यांना अण्णा म्हणायचे, म्हणून मीही. अण्णा टपाल खात्यात सॉर्टर होते. चालत्या रेल्वेच्या डाकडब्यात उभं राहून त्यांनी तीसेक वर्षं पत्रं खणाखणांत टाकली. निवृत्त झाल्यावर पुढची खोली त्यांची झाली होती, ती मी घेतली. त्यांनी तक्रार केली नाही, पण ते हललेही नाहीत. दाराजवळ आपली वेताची खुर्ची टाकून बसायचे आणि मला मधूनमधून प्रश्न विचारायचे.

‘पत्र येतं म्हणतेस, मग पाकीट कुठंय?’

‘अण्णा, याला पाकीट नसतं.’

‘पत्ता तरी असतो की नाही?’

‘असतो की.’

‘मग सरी,’ म्हणायचे आणि कॉफीचा पेला उचलायचे. ‘सरी’ म्हणजे बरं, ठीक. पण त्यांच्या तोंडी त्याचा अर्थ, तुझं चालू दे, असा असायचा. माझ्या नाकाला मिरच्या झोंबायच्या.

एक मात्र कबूल करायला हवं. खोलीत गिऱ्हाईक येऊन बसलं की अण्णा खुर्ची रस्त्याकडे फिरवायचे. पडद्याकडे त्यांनी कधी चुकूनही पाहिलं नाही. एकदा मी म्हटलं, ‘बघा की, काय बिघडतं?’ तर म्हणाले, ‘सॉर्टर पत्ता वाचतो, पत्र वाचत नाही.’ उघडी पोस्टकार्डं ढिगांनी हातातून गेली, पण एकाचंही मागचं वाचलं नाही म्हणे. मला तेव्हा ती म्हातारपणाची ऐट वाटली.

आता माझी फजिती. एका सकाळी मला मेल आला की तुमची मेलपेटी चोवीस तासांत बंद होणार आहे, चालू ठेवायची तर खालच्या पत्त्यावर जाऊन आपला गुप्त शब्द पुन्हा भरा. पत्ता अनोळखी होता, पण सुरुवातीलाच मेलवाल्या कंपनीचं नाव ठळक. त्याच्यामागे टिंबं होती आणि काहीतरी लांबलचक होतं, ते कोण बघतो? घर पुढे असतं, माणूस मागे, हे मी बंगळूरला शिकले होते ना. घर ओळखीचं दिसलं, मी गेले आणि गुप्त शब्द भरून मोकळी झाले. दुसऱ्या दिवशी माझी पेटी मलाच उघडेना. आईनं दादाकडून टाइप करून घेतलेल्या पाककृती, दादाची पत्रं, सगळं गेलं. वर माझ्या नावानं दादाला वजन उतरवण्याच्या औषधाची जाहिरात गेली. दादा अंगानं चांगलाच भरलेला. त्याला वाटलं मी मुद्दाम पाठवलं. दोन महिने फोनवर आला नाही.

घरात मी कुणाला सांगितलं नाही. कोणत्या तोंडानं सांगणार? तो पत्ता गिऱ्हाइकांच्या रजिस्टरच्या शेवटच्या पानावर लिहून ठेवला, आणि पुठ्ठ्यावर पाटी लिहून भिंतीला लावली, ‘अनोळखी पत्त्यावर जाऊ नये. कारण विचारू नये.’ शेवटी मी पुण्याची.

तिसऱ्या घरात अक्का राहायच्या. गल्लीतल्या प्राथमिक शाळेतून निवृत्त झालेल्या, आमच्यासारख्याच जुन्या मराठी घरातल्या. घरात एकट्या. एकुलती एक मुलगी शिकायला अमेरिकेला गेली आणि तिथल्याच एका माणसाशी तिनं लग्न केलं. अक्का फोनवर तिला एवढंच म्हणाल्या होत्या, ‘आता तुझं तू बघ.’ आणि तिनं बघितलं. दोन वर्षं ना पत्र ना फोन. मग एकदा मुलीचं कागदी पत्र आलं, त्यात तिनं आपला मेलचा पत्ता दिला होता. अक्का ते पत्र पदराखाली लपवून माझ्याकडे आल्या आणि कुणी ऐकत नाही ना ते बघून म्हणाल्या, ‘मला स्वल्प शिकवशील?’ स्वल्प म्हणजे थोडंसं.

तेव्हापासून दर सोमवारी अक्का यायच्या. मुलगी इंग्रजी अक्षरांत मराठी लिहायची आणि अक्काही एका बोटानं तसंच उत्तर द्यायच्या. पत्रं मी वाचून दाखवायचे. मी काही सॉर्टर नव्हते. पत्रांत काय असायचं? इकडे थंडी पडली. तुरीची डाळ मिळाली, शिजायला वेळ लागतो. चपात्या वातड होतात, काय करू? नवऱ्याबद्दल अक्षर नाही आणि अक्काही विचारायच्या नाहीत. पण चपातीच्या त्या उत्तरावर अक्का अर्धा तास घालवायच्या, आणि जाताना त्यांची चाल बदललेली असायची. मला ते फार आवडायचं.

अशाच एका सोमवारी पेटीत मुलीच्या नेहमीच्या पत्राच्या जागी एक अनोळखी पत्र निघालं. पाठवणाऱ्याचा पत्ता कधी न पाहिलेला आणि मजकूर सगळा इंग्रजीत. मी वाचून मराठीत सांगितला. मी तुमच्या मुलीचा नवरा. आम्हाला मुलगी झाली आहे. तुमची मुलगी अजून हॉस्पिटलमध्ये आहे म्हणून मी लिहितो. तुम्हाला आधी सांगायचं तिला धाडस झालं नाही. बाळाचा फोटो खालच्या पत्त्यावर ठेवला आहे. बघितलात तर रविवारपर्यंत एक ओळ लिहा. ओळ आली नाही तर ती काय ते समजेल आणि पुन्हा त्रास देणार नाही.

अक्का म्हणाल्या, ‘बाळ?’ आणि हात पुढे केला, उघड म्हणून.

आणि मी म्हटलं, ‘अक्का, थांबा.’

मला ना, त्या क्षणी आपण फार शहाण्या आहोत असं वाटत होतं. मी त्यांना बोटांवर मोजून सांगितलं. तुमची मुलगी कधी इंग्रजीत लिहीत नाही. पत्ता तिचा नाही. सहा महिने दर आठवड्याला पत्रं येतात, त्यात बाळाचं अक्षर नाही. आणि हे रविवारपर्यंतचं काय? घाई करणारं पत्र खोटं असतं, मला माहीत आहे. माणसाच्या मर्मावर बोट ठेवतात आणि आत ओढतात. पाटीकडेही बोट दाखवलं.

‘नक्की?’ अक्कांनी विचारलं.

‘नक्की.’

‘सरी,’ त्या म्हणाल्या. पिशवी उचलली आणि गेल्या. मला वाटलं, आपण एका बाईला वाचवलं.

त्या आठवड्यात अक्का रस्त्यावर दिसल्या नाहीत. दुधाला बाहेर आल्या नाहीत, शुक्रवारी देवळात गेल्या नाहीत. शनिवारी सकाळी अण्णा मला म्हणाले, ‘अक्का का दिसत नाहीत गं? तुझ्याकडून गेल्यापासून दार लावून बसल्यात.’

मी सांगायला सुरुवात केली, ‘त्यांना एक पत्र आलं, त्यात असं होतं की...’

अण्णांनी हात वर केला. ‘पत्रात काय होतं ते नको. मला त्याच्याशी काय करायचंय? पत्ता काय होता ते सांग.’

‘अनोळखी होता.’

‘अनोळखी म्हणजे? मी डब्यात उभा असायचो तेव्हा मला काय सगळं जग ओळखीचं होतं? अनोळखी पत्ता म्हणून पत्र खाली टाकलं असतं तर नोकरी राहिली असती का? पत्ता ओळखायचा नसतो, वाचायचा असतो. लिही इथं.’

त्यांनी वर्तमानपत्राचा कोरा कोपरा फाडून पुढे केला. अक्कांची पेटी मीच उघडून द्यायचे, ती उघडली आणि चरफडत फोटोचा तो पत्ता लिहिला. ते म्हणाले, ‘असा आडवा नको. पाकिटावर लिहितात तसा. टिंब आलं की खालची ओळ.’

‘आणि या तिरक्या रेघा?’

‘त्या कसल्या?’

‘सुरुवातीच्या दोन सगळ्यांनाच असतात, त्या सोडा. त्यांच्यानंतरची पहिली आली की तिच्यापुढे आतल्या खोल्या. कुठल्या कपाटात कुठला कागद ते.’

‘म्हणजे त्या पहिल्या रेघेपर्यंत घर, आणि पुढे घराच्या आतलं. मग पुढचं राहू दे, तिथं थांब आणि मागे ये.’

मी ओळीखाली ओळ लिहीत गेले. वर एका विभागाचं नाव आलं, त्याच्याखाली एका विद्यापीठाचं आणि सगळ्यात खाली तीन अक्षरं. अण्णांनी चष्मा लावला आणि बोट सरळ तळाच्या ओळीवर ठेवलं.

‘हे काय?’

‘तिकडच्या कॉलेजा-विद्यापीठांना मिळतं ते. कुणीही उठून घेऊ शकत नाही.’

‘हं. मग त्याच्यावर विद्यापीठ. त्याच्यावर विभाग. अगं, पत्ता खालून वाचायचा. खालची ओळ आधी, नाव सगळ्यात शेवटी. वर कुणी काय वाट्टेल ते लिहितं. लाल शाईनं अर्जंट लिहितात, कलेक्टरसाहेब लिहितात. पत्र जातं ते खालच्या ओळीनं.’

मी उठले, रजिस्टर आणलं आणि शेवटचं पान त्यांच्यापुढे धरलं. ‘आणि हा?’

तो पत्ताही ओळीखाली ओळ मांडला. वर मेलवाल्या कंपनीचं नाव, मध्ये एक शब्द, आणि तळाशी कधी कुणी न ऐकलेलं, भलतंच एक नाव. अण्णांना दोन सेकंद पुरले. ‘हे तर दुसऱ्याच घरचं. ओळखीचं नाव दाराबाहेर टांगलंय नुसतं. इथं कोण गेलं होतं?’

‘मी,’ मी म्हटलं. आणि मग सगळं सांगून टाकलं, दादाच्या औषधासकट. अण्णा इतके हसले की चष्मा काढून डोळे पुसावे लागले. म्हणाले, ‘पुण्याहून आलीस तेव्हा दोन वर्षं भांडत होतीस की घराचं नाव शेवटी पाहिजे. बरोबर तेच होतं की. सोडलंस कशाला?’

तोंडात मारल्यासारखं झालं, पण हसूही आलं. मग ध्यानात आलं की आज शनिवार आहे, आणि माझं हसू जिरलं. मी त्या बाईला नक्की म्हणून सांगितलं होतं. न वाचता.

मी निघाले तसे अण्णा म्हणाले, ‘स्वल्प थांब. घर खरं म्हणजे आतला भाडेकरूही खरा, असं नसतं. रेघेच्या आत काय आहे?’

रेघेच्या आत लाटेसारखं एक चिन्ह होतं आणि त्याला चिकटून एक आडनाव. अण्णांनी चप्पल घातली आणि माझ्याबरोबर अक्कांच्या घरी आले. दार उघडलं तेव्हा अक्कांचे डोळे सुजलेले होते. अण्णांनी नजर खाली केली आणि विचारलं, ‘अक्का, मुलीनं मागे कागदी पत्र पाठवलं होतं ना? पाकीट ठेवलंय का?’

पाकीट देवाच्या फळीवर, कुंकवाच्या डबीखाली होतं. अण्णांनी आतलं पत्र घडी न मोडता काढून अक्कांच्या हातात परत दिलं आणि रिकामं पाकीट खिडकीपाशी नेलं. आधी तिकिटावरचा शिक्का बघितला. मग मागच्या बाजूला मुलीनं लिहिलेला आपला पत्ता खालून वर वाचला. देश, राज्य, गाव, विद्यापीठ, विभाग. सगळ्यात वर, द्वारा म्हणून, नवऱ्याचं नाव. मग खिशातून माझा कागद काढून शेजारी धरला. विद्यापीठ तेच. विभाग तोच. आडनाव तेच.

‘पत्र पोचतंय,’ अण्णा म्हणाले. बास, एवढंच.

अक्कांनी माझ्याकडे पाहिलं. मी म्हटलं, ‘अक्का, माझं चुकलं. मी पत्ता बघितलाच नाही, नुसती घाबरले. चला.’ त्या तशाच, घरच्या साडीत, दार लोटून निघाल्या.

मोडेम नेहमीसारखा केकाटला. पहिल्यांदा लागला नाही, दुसऱ्यांदा लागला. अक्कांना मी खुर्चीत बसवलं आणि मागे उभी राहिले. अण्णा दाराजवळच्या आपल्या जागी जाऊन रस्त्याकडे तोंड करून बसले. पत्रात काय आहे ते त्यांना ठाऊक नव्हतं. कोणी सांगितलं नव्हतं आणि त्यांनी विचारलं नव्हतं.

पान उघडलं. वर दोन ओळी आणि खाली फोटोची रिकामी चौकट. तेव्हा फोटो एकदम दिसत नसे, वरून एकेक पट्टी उतरत यायची. आधी लोकरीची टोपी आली. मग थांबलं. मग कपाळ. अक्कांनी टेबलाची कड धरली होती. मग मिटलेले डोळे आले, आणि नाकाचा शेंडा, आणि अक्कांच्या तोंडून कसलासा आवाज आला. मी त्यांच्या खांद्यावर हात ठेवला. मला रडू येत होतं आणि मी ते आवरलं नाही.

‘अण्णा,’ अक्का म्हणाल्या, ‘इकडे या.’

‘मी कशाला?’ अण्णा रस्त्याकडेच बघत म्हणाले. ‘माझं काम झालं.’

‘नाही झालं. अजून एक पत्ता वाचायचाय. हे कुणाच्या घरचं ते सांगा.’

अण्णांनी मान वळवली. तेवढ्या वर्षांत त्यांना पडद्याकडे बघताना मी पहिल्यांदा पाहिलं. ते उठले, चष्मा लावला, अक्कांच्या मागे येऊन उभे राहिले आणि समोर काय आहे ते कळल्यावर त्यांचा हात आपोआप छातीवर गेला. फोटोतले ओठ उतरत होते. हनुवटी अजून यायची होती.

‘सांगा ना,’ अक्का म्हणाल्या.

‘थांबा,’ अण्णा म्हणाले. ‘शेवटची ओळ येऊ दे.’

आम्ही तिघं थांबलो. बाहेर रिक्षा गेली, फुलवाला कुणाशी तरी घासाघीस करत होता. शेवटची पट्टी उतरली. हनुवटी आली, आणि तिच्या मधोमध खळी. तश्शीच, अक्कांच्या हनुवटीवर आहे तशी.

अण्णांनी एकदा पडद्याकडे पाहिलं, एकदा अक्कांकडे. ‘तुमच्याच घरचं आहे,’ ते म्हणाले.

अक्कांनी पदरानं तोंड पुसलं आणि कीबोर्ड पुढे ओढला. एक बोट वर धरलं. अण्णा मागे फिरून आपल्या जागी जाऊन बसले, आणि मी, जी सहा महिने अक्कांचं प्रत्येक पत्र मोठ्यांदा वाचत होते, मीही माझी खुर्ची उचलली आणि अण्णांच्या शेजारी रस्त्याकडे तोंड करून टाकली. मागून एकेक अक्षर वाजत होतं. बराच वेळ वाजत होतं. एका ओळीपेक्षा जास्त होतं एवढंच मला कळलं.

मग अक्कांनी विचारलं, ‘कुठल्या पत्त्यावर पाठवू? तिच्या की त्याच्या?’

मी मागे न बघता म्हटलं, ‘दोन्ही घाला.’